सात वर्षं कॅमेरा बंद: यान श्वांकमायरचं प्रकरण

प्रकरण थोडक्यात

१९७३ च्या सुमाराला प्रागमधल्या एका दिग्दर्शकाची शॉर्टफिल्म शूटिंगनंतरच्या टप्प्यावर अडकली. वरून सांगितलं गेलं हे हे बदला, तो म्हणाला नाही बदलत, आणि त्यानंतर १९७९ पर्यंत त्याला स्वतःच्या नावाने फिल्म करता आली नाही. वय चाळिशीला टेकलेलं, नावावर डझनावर शॉर्टफिल्म, बायको चित्रकार, घरात लहान मुलं, आणि देश असा की फिल्म करायची तर सरकारी स्टुडिओशिवाय दुसरं दारच नाही.

यान श्वांकमायर. स्टॉप-मोशनच्या, म्हणजे वस्तू थोडी थोडी हलवत एकेक फ्रेम टिपायच्या तंत्राच्या, नादाला लागलेल्या कुणालाही हे नाव माहीत असतं. मातीची डोकी एकमेकांना खातात, मांसाचे तुकडे टेबलावर सरपटतात, कपाटातून वस्तू आपल्या आपण बाहेर येतात, ते सगळं त्याचं.

हे प्रकरण घ्यायचं कारण असं की त्याच्यावरच्या बहुतेक लेखांत ही सात वर्षं एका वाक्यात उरकलेली असतात. बंदी आली, त्या काळात त्याने स्पर्शावर प्रयोग केले, परत आला तो आधीपेक्षा भारी होऊन. म्हणजे बंदी त्याच्या पथ्यावरच पडली असा सूर. मला हा सूर पटत नाही, आणि का पटत नाही ते सांगायचं तर प्रत्येक टप्प्यावर त्याच्यासमोर काय काय होतं आणि त्याने काय निवडलं ते नीट लावून बघायला लागतं. फाइलींवर सह्या करणाऱ्या अधिकाऱ्यांची नावं इथे घेत नाही, त्या खुर्चीत तेव्हा कुणीही बसलं असतं तरी फार फरक पडला नसता.

पार्श्वभूमी

जन्म १९३४, प्राग. आठ वर्षांचा असताना नाताळात त्याला घरी खेळायचं बाहुल्यांचं थिएटर मिळालं आणि ते खूळ पुढे कधी गेलंच नाही. आधी उपयोजित कलेची शाळा, मग प्रागच्या नाट्य अकादमीत बाहुलीनाट्य विभाग. म्हणजे हा माणूस मुळात अ‍ॅनिमेटर म्हणून शिकलेलाच नाही, थिएटरवाला आहे. सेमाफोर थिएटरमध्ये मुखवट्यांचे प्रयोग केले, मग लाटेर्ना मागिकामध्ये काम केलं जिथे स्टेज आणि पडदा एकत्र वापरायचे, आणि तिथून १९६४ मध्ये पहिली शॉर्टफिल्म. हे लक्षात ठेवा, कारण पुढे फिल्म बंद झाली तेव्हा त्याच्याकडे हातात घ्यायला बाकी बरंच काही होतं ते यामुळे.

चेकोस्लोव्हाकियात फिल्म उद्योगाचं राष्ट्रीयीकरण १९४५ मध्येच झालं होतं, कम्युनिस्ट सत्तेवर यायच्या आधी. अ‍ॅनिमेशनसाठी तर हे वरदानच ठरलं, कारण बाहुल्यांच्या एका दहा मिनिटांच्या फिल्मला महिनोन्‌महिने जातात आणि एवढा धीर कुठला खाजगी पैसेवाला धरणार? यिरी त्रन्का, कारेल झेमान, हेर्मिना तिर्लोवा ही सगळी मोठी नावं याच व्यवस्थेत वाढली. पण स्टुडिओ सरकारचा, फिल्मचा रोल सरकारचा, लॅब सरकारची, थिएटर सरकारचं, तर सरकार रुसलं की सगळंच एकदम बंद. त्रन्काच्या बाबतीत हेच झालं, त्याच्या १९६५ च्या 'हात' या शेवटच्या फिल्ममध्ये एक प्रचंड हात एका साध्या कुंभाराला आपलाच पुतळा घडवायला लावतो, आणि त्रन्का १९६९ च्या अखेरीस गेल्यावर ती फिल्म उचलून बंद कपाटात ठेवली ती जवळजवळ वीस वर्षं.

१९६८ चं तर सगळ्यांना माहीत आहे. वसंतात कम्युनिस्ट राजवटीत मोकळीक, जूनमध्ये आणखी सुधारणा मागणारं 'दोन हजार शब्द' नावाचं निवेदन, त्यावर श्वांकमायरचीही सही, आणि २१ ऑगस्टला ती मोकळीक चिरडायला रशियन रणगाडे. त्याच वर्षीची त्याची 'बाग' नावाची फिल्म बघा. एक माणूस मित्राच्या गावच्या घरी जातो तर घराभोवती कुंपण आहे ते जिवंत माणसांचं, हातात हात घालून उभी असलेली माणसं, आणि यजमानाला त्यात वावगं काहीच वाटत नाही. शेवटी पाहुणाही जाऊन त्या रांगेत उभा राहतो. यात अ‍ॅनिमेशन जवळजवळ नाहीच, पण पुढच्या वीस वर्षांत त्या देशाचं काय होणार ते सगळं आलंय.

घुसखोरीनंतर तो ऑस्ट्रियात गेला. तिथे एक फिल्मही केली, हिरवळीवर ग्रामोफोन, खुर्च्या, पत्ते अशा वस्तू आपली आपण सहल करतात आणि माणूस कपाटात बांधून ठेवलेला. मग १९६९ मध्ये परत आला. का परतला यावर लोक बरंच लिहितात, मी त्यात शिरत नाही. परतला आणि १९७० मध्ये बायको एवासोबत व्रातिस्लाव्ह एफेनबर्गरच्या सर्रिअलिस्ट (स्वप्नं आणि अवचेतन मन यांतून कला करणाऱ्यांच्या) गटात सामील झाला एवढं इथे पुरे. हा गट म्हणजे घरात जमणारी थोडी माणसं, उघड प्रदर्शन नाही, छापील पुस्तक नाही, पण काम मात्र नियमित.

अडचण कशी वाढत गेली

इथे तीन फिल्म्स एकापाठोपाठ ठेवून बघाव्या लागतात, कारण तिन्हींत ऑफिसची, म्हणजे फिल्म मंजूर करणाऱ्या सरकारी मंडळींची, मागणी साधारण सारखी आणि त्याचं उत्तर मात्र दर वेळी वेगळं.

पहिली 'अस्थिगृह', १९७०. कुत्ना होराजवळ सेडलेत्सला एक चॅपल आहे, तिथे हजारो माणसांच्या हाडांची झुंबरं आणि कमानी केल्यात, ती सजावट १८७० ची, तर शंभर वर्षं झाली म्हणून माहितीपट काढायचा असं सरळ साधं काम होतं. त्याने चित्रावर आवाज लावला तो तिथल्या गाईड बाईंचा, शाळेच्या पोरांना माहिती देताहेत आणि मधे मधे हाडांना हात लावू नका, दंड होईल असं बजावताहेत. म्हणजे मृत्यूचा एवढा मोठा पसारा समोर आणि तोंडी काय तर दंडाची रक्कम! ऑफिसला हे रुचलं नाही. आवाज काढायला लावला, त्याजागी झ्देनेक लिश्काचं संगीत आणि फ्रेंच कवी प्रेव्हेरची एक कविता आली. इथे श्वांकमायरने ऐकलं. चित्राची एक फ्रेमही गेली नाही, आणि मूळ आवाजाची आवृत्तीही नंतर लोकांपर्यंत पोचली.

दुसरी 'लिओनार्डोची डायरी', १९७२, इटलीबरोबर को-प्रोडक्शन. मंजूर काय होतं तर लिओनार्डोची रेखाटनं हलती करायची. त्याने ती केलीच, पण मधे मधे आजच्या रोजच्या जगण्याचे डॉक्युमेंटरी तुकडे घातले, गर्दी, खेळ, मारामारी, खाणं. हे मंजूर स्क्रिप्टमध्ये नव्हतं. म्हणजे यावेळी त्याने विचारलंच नाही, करून मोकळा झाला. वरिष्ठ चिडले.

तिसरी 'ओट्रान्टोचा किल्ला'. होरेस वॉलपोलच्या जुन्या गॉथिक कादंबरीवरचं अ‍ॅनिमेशन, पण भोवती एक चौकट: टीव्हीचा रिपोर्टर एका संशोधकाची मुलाखत घेतोय आणि संशोधक अगदी गंभीर चेहऱ्याने सांगतोय की हा किल्ला इटलीत नव्हताच, तो आपल्या इथे बोहेमियात होता. टीव्हीवरच्या बातमीसारखी दिसणारी शुद्ध थाप. आता ज्या देशात १९७० नंतर रोज संध्याकाळी टीव्हीवर खऱ्यासारखं दिसणारं बरंच काही चालू होतं तिथे हा विनोद कुणाच्या अंगाला लागला असेल ते कळायला फार डोकं लागत नाही. बदल सुचवले गेले, त्याने नकार दिला. फिल्म अर्धवट राहिली आणि तो बाहेर.

माझं मत असं की तिसऱ्या फिल्मवर एवढं रामायण झालं ते एकट्या तिसऱ्या फिल्ममुळे नाही. पहिल्यात ऐकलं तेव्हा ऑफिसची समजूत झाली की हा ऐकणारा आहे, दुसऱ्यात न विचारता केलं तेव्हा विश्वास उडाला, आणि तिसऱ्यापर्यंत आल्यावर त्यांना फिल्म दुरुस्त करायचीच नव्हती, माणूस ताळ्यावर आणायचा होता. अशा वेळी बदल मान्य केले असते तरी पुढचे बदल तयार असतेच. शिवाय चौकट काढली तर उरतं काय, एक छान सजवलेली जुनी गोष्ट. सगळी गंमत त्या रिपोर्टरमध्ये आहे.

समोर कोणते पर्याय होते

त्याच्यासमोर तयार उदाहरणं होती, सगळी त्याच्या ओळखीच्या जगातली, आणि प्रत्येकाची किंमतही उघड दिसत होती.

एक, देश सोडायचा. दिग्दर्शक मिलोश फोरमान घुसखोरीच्या वेळी बाहेरच होता, तो अमेरिकेत राहिला आणि पुढे ऑस्करपर्यंत गेला. पण फोरमान नटांबरोबर काम करणारा माणूस, त्याला कुठेही नट मिळतील. श्वांकमायरचं सामान म्हणजे बोहेमियातल्या जुन्या बाहुल्या, पडकी घरं, सोललेल्या भिंती, लहानपणीच्या तळघरांचा वास. शिवाय ऑस्ट्रियात राहून बघून झालं होतं आणि तो परत आला होता. त्यामुळे हा पर्याय कागदावर सगळ्यात मोठा दिसतो खरा, पण त्याच्यापुरता तो आधीच निकाली निघालेला होता असं मला वाटतं.

दोन, चूक कबूल करायची. ऑस्करविजेता यिरी मेन्झेल याची १९६९ मध्ये शूट केलेली फिल्म कपाटात गेली, काही वर्षं काम नाही, मग त्याने जाहीर माघार घेतली आणि १९७४ मध्ये धरण बांधणाऱ्या कामगारांवरची एक फिल्म करून परत आला. मेन्झेलला नावं ठेवणं आज सोपं आहे, मी ठेवत नाही, त्याने नंतरही चांगलं काम केलं आणि ती कपाटातली फिल्म १९९० मध्ये बर्लिन महोत्सवात गोल्डन बेअर हे तिथलं सगळ्यात मोठं बक्षीस घेऊन गेली. पण सर्रिअलिस्ट गटातल्या माणसाला हा रस्ता जवळजवळ बंद होता, कारण माघार घेतली की गट गेला, आणि फिल्मनंतर त्याच्याकडे उरलेली हीच एक जागा होती जिथे त्याचं काम कुणी गंभीरपणे बघत होतं.

तीन, भांडायचं, पण त्यांच्याच भाषेत. दिग्दर्शिका व्हेरा खितिलोव्हाने हे केलं. १९७५ मध्ये तिने थेट राष्ट्राध्यक्ष हुसाकला पत्र लिहिलं, मला काम करायचंय, मी समाजवादी आहे, मग मला का अडवता. १९७६ मध्ये तिची फिल्म आली. म्हणजे हा उपाय लागू पडू शकत होता. पण त्यासाठी पत्रात जे लिहायला लागतं ते लिहिता यायला हवं, श्वांकमायरला ते जमण्यासारखं नव्हतं.

चार, गप्प बसून दुसरं काहीतरी करायचं आणि वेळ जाऊ द्यायचा. यात हमी कसलीच नाही. सात वर्षांत संपेल हे १९७३ मध्ये कुणाला ठाऊक होतं? आज आपण सात म्हणतो तो आकडा मागून आलाय, तेव्हा ते कायमचंही असू शकत होतं, आणि या पर्यायाचं वजन करताना हेच विसरलं जातं.

प्रत्यक्षात काय केलं

त्याने चौथा पर्याय घेतला, पण गप्प बसला असं म्हणता येणार नाही.

पोटापाण्यासाठी बारान्डोव्ह स्टुडिओत दुसऱ्यांच्या फिल्म्ससाठी ट्रिक्सची कामं केली. ओल्दर्झिख लिप्स्कीची १९७७ ची डिटेक्टिव्ह कॉमेडी आहे, त्यात आदेला नावाचं माणसं खाणारं झाड आहे, ते झाड हलवलंय श्वांकमायरने. फिल्म धमाल आहे, जमलं तर बघा. नंतर लिप्स्कीच्याच कार्पेथियन किल्ल्यावरच्या फिल्ममध्येही त्याची चमत्कारिक यंत्रं आहेत. आता गंमत बघा, हा माणूस दिग्दर्शक म्हणून चालत नाही पण त्याचे हात चालतात. नाव मोठ्या अक्षरात नको, काम हवंय. सरकारी व्यवस्थेला यात विसंगती वाटत नव्हती. त्यानेही ती कामं मनापासून केली असं पडद्यावर दिसतं, आदेलाच्या तोंडात जी हाव आहे ती पाट्या टाकून येत नाही.

एवासोबत सिरॅमिक्स केली, दोघांचं मिळून कोस्टेलेत्स असं टोपणनाव घेऊन. कोलाज केले, न जन्मलेल्या प्राण्यांचे आणि यंत्रांचे जणू विश्वकोशातले वाटावेत असे एचिंग्ज केले. एवा नुसती सोबतीला होती असं समजू नका, ती स्वतः पक्की चित्रकार आणि कवयित्री, गटाची सदस्य, आणि पुढच्या फिल्म्सच्या कलादिग्दर्शनात तिचा वाटा मोठा आहे. त्याच्यावरच्या लेखांत ती एका ओळीत येते हा लेखांचा दोष.

आणि मग स्पर्श. १९७४ पासून त्याने स्पर्शावर पद्धतशीर काम सुरू केलं, गटाला सामील करून घेऊन. वस्तू झाकून ठेवायच्या, न बघता हाताने चाचपायच्या आणि काय आठवतं, काय डोळ्यासमोर येतं ते नोंदवायचं. फर, सँडपेपर, ब्रश, खिळे मारलेली लाटणी, काहीही. हाताला लागलं ते चित्रात कसं उतरतं, मऊ वस्तूने भीती का वाटते, खरखरीत वस्तूने लहानपणचं काही का आठवतं असले प्रश्न. या सगळ्याचं त्याने 'स्पर्श आणि कल्पनाशक्ती' नावाचं पुस्तक केलं आणि ते १९८३ मध्ये गुपचूप, टाइप केलेल्या मोजक्या प्रतींत निघालं.

डोळ्यांच्या माध्यमातून हाकललेला माणूस डोळे बाजूला ठेवून हातावर काम करतो हे ऐकायला फारच जुळवून आणल्यासारखं वाटतं, म्हणून जरा सावध राहायला हवं. स्पर्शाची ओढ त्याला आधीपासून होती, माती, हाडं, दगड, जुनी लाकडं हे सगळं बंदीच्या आधीच्या फिल्म्समध्येही आहेच. बंदीने काय केलं तर जी गोष्ट तो फिल्म करता करता जाता जाता करत होता तिच्यावर बसून विचार करायला वेळ दिला. तेवढंच श्रेय द्यायचं, त्याहून जास्त नको.

निर्णयाचा दुसरा क्षण: १९७९ ची अट

१९७९ मध्ये दार किलकिलं झालं. ओट्रान्टो पूर्ण करता आली आणि पुढे काम मिळेल असं ठरलं, पण अट अशी की साहित्यातल्या मान्यवर कलाकृतींवर फिल्म करायच्या. म्हणजे स्वतःच्या डोक्यातलं काही नको, ग्रंथालयात जे आधीच प्रतिष्ठित आहे ते घे.

इथे तो सरळ हो म्हणाला, आणि मला या प्रकरणातला सगळ्यात हुशार निर्णय हाच वाटतो. १९७३ मधला नकार ठळक दिसतो म्हणून त्याचं कौतुक होतं, पण १९७९ चा होकार जास्त विचारपूर्वक आहे. कारण अट घालणाऱ्याच्या डोक्यात क्लासिक म्हणजे निरुपद्रवी. त्याने यादीतून निवडला अमेरिकी भयकथाकार एडगर अ‍ॅलन पो. १९८० ची 'अशर घराण्याचा अंत' ही फिल्म बघितली तर तिच्यात माणूस दिसतच नाही. पेत्र चेपेकच्या आवाजात पोचा मजकूर चालू आहे आणि पडद्यावर भिंती, खुर्च्या, शवपेटी, झाडाची मुळं, आणि चिकणमाती, जी कुणीतरी बोटांनी मळतंय पण मळणारा दिसत नाही. कथा पोचीच, ऑफिसला बोट ठेवायला जागा नाही, आणि प्रत्येक फ्रेममध्ये ती सात वर्षं चाचपलेली पृष्ठभागांची भाषा. अट पाळली आणि अटीचा अर्थ घालवला.

मग १९८२ मध्ये त्याने अटीबाहेर पाऊल टाकलं, 'संवादाच्या शक्यता', पूर्ण स्वतःची. तीन भाग, पहिल्यात भाज्यांचं डोकं, भांड्यांचं डोकं आणि ऑफिसच्या सामानाचं डोकं एकमेकांना खाऊन ओकतात, असं करत करत शेवटी सगळी डोकी एकसारखी गुळगुळीत मातीची होतात. दुसऱ्यात मातीचे दोन प्रेमिक एकमेकांत विरघळतात आणि मग उरलेल्या एका छोट्या गोळ्यावरून एकमेकांना ओरबाडतात. तिसऱ्यात दोन डोकी तोंडातून वस्तू काढून जुळवतात, टूथब्रशला पेस्ट, पावाला लोणी, बुटाला नाडी, पेन्सिलीला शार्पनर, आणि मग जोड्या चुकायला लागतात. १९८३ मध्ये बर्लिनला शॉर्टफिल्मचा गोल्डन बेअर, अ‍ॅनसी महोत्सवात ग्रांप्री. आणि घरी? पक्षाच्या केंद्रीय समितीच्या विचारसरणी बघणाऱ्या मंडळींना ही फिल्म दाखवली गेली ती असलं काही खपवून घेऊ नये याचा नमुना म्हणून.

प्रागमध्ये पुन्हा अवघड झालं. लहान मुलीने बटाटे आणायला तळघरात जायचं आणि तिथे भेटणारी सगळी भीती, ही 'तळघरात' नावाची फिल्म त्याला १९८३ मध्ये स्लोव्हाकियात, ब्रातिस्लाव्हामध्ये जाऊन करावी लागली. देश तोच पण ऑफिस वेगळं, तेवढ्यावर काम झालं.

निष्पत्ती

यानंतरचा रस्ता बाहेरून उघडला. १९८४ मध्ये क्वे ब्रदर्स या स्टॉप-मोशन करणाऱ्या जुळ्या भावांनी ब्रिटनच्या चॅनल फोरसाठी त्याच्यावर एक फिल्म केली आणि इंग्लंडात त्याचं नाव झालं. लुईस कॅरॉल त्याच्या डोक्यात १९७१ पासून होताच, तेव्हा कॅरॉलच्या कवितेवर शॉर्टफिल्म केली होती. आता पूर्ण लांबीची अ‍ॅलिस करायची. प्रोड्युसर यारोमीर काल्लिस्ताने सरकारी फिल्म यंत्रणेला वळसा घालून आर्ट सेंट्रुम या संस्थेमार्फत काम उभं केलं, ही संस्था मुळात फिल्मची नव्हेच, चित्रकार-डिझायनर लोकांची कामं परदेशात पोचवणारी. पैसा आला स्वित्झर्लंडमधून, चॅनल फोरकडून आणि जर्मनीतल्या हेसिशर रुंडफुंककडून. फिल्म १९८८ मध्ये लोकांसमोर आली, १९८९ मध्ये अ‍ॅनसीला पूर्ण लांबीच्या फिल्मचं बक्षीस मिळालं. पहिला फीचर आला तेव्हा तो पन्नाशी ओलांडलेला होता.

१९८९ नंतर राजकीय अडथळा गेला आणि पैशाचा आला. काल्लिस्तासोबत अथानोर कंपनी काढून क्नोव्हीझ नावाच्या गावातल्या जुन्या सिनेमा हॉलमध्ये स्टुडिओ थाटला आणि 'फाऊस्ट' १९९४, 'सुखाचे कटकारस्थानी' १९९६, 'ओतेसानेक' २०००, 'वेडेपणा' २००५ असं काम चालू राहिलं. ओतेसानेकला चेक लायन हा तिथला राष्ट्रीय फिल्म पुरस्कार मिळाला. एवा २००५ मध्ये गेली. शेवटच्या फीचरसाठी, 'कीटक', इंटरनेटवर लोकांकडून वर्गणी गोळा करावी लागली, ती २०१८ मध्ये रॉटरडॅम महोत्सवात आली.

आता यातल्या दोन फिल्म्सकडे परत बघा. 'सुखाचे कटकारस्थानी' ही मुळात १९७० च्या सुमाराची शॉर्टफिल्मची स्क्रिप्ट, आली १९९६ मध्ये. त्यातला पोलीस लाटण्यांना खिळे आणि फर लावून अंगावरून फिरवतो ते सरळ बंदीच्या काळातल्या प्रयोगांतून आलंय. आणि 'कीटक' ज्या कथेवर आहे ती त्याने १९७० मध्ये लिहिली होती, तेव्हा छापता येणारच नव्हती. म्हणजे एक गोष्ट पडद्यावर यायला २६ वर्षं आणि दुसरी ४८. बंदी पथ्यावर पडली म्हणणाऱ्यांनी हा हिशोब करावा. २६ वर्षांनी जी फिल्म आली ती चांगलीच आहे, पण ती १९७० ची फिल्म नव्हे, १९७० मध्ये पस्तिशीतल्या माणसाने प्रागमध्ये केली असती ती कशी असती ते आता कळायचा मार्गच नाही.

वेगळं काय करता आलं असतं

लिओनार्डोच्या वेळचा निर्णय मला सगळ्यात कच्चा वाटतो. न विचारता तुकडे घातले, ठीक, विचारलं असतं तर मिळाले नसते. पण त्या फिल्मला इटलीचा पार्टनर होता. परदेशी पार्टनरकडून मागणी आली तर सरकारी स्टुडिओ बऱ्याच गोष्टींकडे काणाडोळा करायचे, कारण बाहेरचं चलन. हा मार्ग त्याने आणि काल्लिस्ताने अ‍ॅलिसच्या वेळी नीट वापरला, १९७२ मध्ये तो सुचला असता तर कदाचित ते तुकडेही राहिले असते आणि वाकडेपणाही कमी आला असता. अर्थात १९७२ हे वर्ष किती वाईट होतं ते पाहता हेही चाललं नसतं असं कुणी म्हणालं तर मी फार भांडणार नाही.

ओट्रान्टोच्या नकारात बदल करण्यासारखं मला काही दिसत नाही. अस्थिगृहाच्या वेळी आवाज गेला तरी चित्र शाबूत राहिलं, तो सौदा परवडणारा होता. इथे चौकट गेली तर फिल्मच गेली. दोन्हीकडे तत्त्व एकच म्हणून दोन्हीकडे एकच वागायला हवं होतं असं काही समीक्षक सुचवतात, ते मला चुकीचं वाटतं, काय गेल्यावर काय उरतं ते दर वेळी बघायला लागतं आणि त्याने ते बघितलं.

ब्रातिस्लाव्हाचा रस्ता मात्र त्याने दहा वर्षं आधी चाचपायला हवा होता. १९६९ पासून चेक आणि स्लोव्हाक असा संघराज्याचा कारभार झाला होता आणि स्लोव्हाक स्टुडिओंचं वातावरण काही बाबतीत वेगळं होतं. १९७४-७५ मध्ये तिथे काही झालं असतं का, सांगता येत नाही, बंदी आलेल्या माणसाला तिथेही कुणी उभं केलं नसतं कदाचित. पण दुसरं ऑफिस म्हणजे दुसरी सही, हे तंत्र १९८३ मध्ये चाललं आणि अ‍ॅलिसच्या वेळी आर्ट सेंट्रुमच्या रूपाने पुन्हा चाललं. या माणसाच्या करिअरमधले सगळे मोठे अडथळे असेच ओलांडले गेलेत, समोरच्या दाराशी भांडून एकही नाही.

आणि स्टुडिओच्या बाजूने बघितलं तर? त्यांना आदेलाचं झाड मिळालं, कार्पेथियन किल्ल्यातली यंत्रं मिळाली, तिकिटं खपली. त्या सात वर्षांत श्वांकमायरच्या स्वतःच्या किती शॉर्टफिल्म झाल्या असत्या? आधीच्या वेगाने धरलं, १९६४ ते १९७२ मध्ये चौदाच्या आसपास, तर दहा-बारा तरी. त्या नाहीत. सेडलेत्सच्या हाडांवरची, ओट्रान्टोची, लिओनार्डोची अशा फिल्म्स आज महोत्सवांत दाखवल्या जातात तेव्हा कार्यक्रमपत्रिकेत १९७२ नंतर एकदम १९७९ येतं, आणि बहुतेक प्रेक्षकांच्या ते लक्षातही येत नाही.